पाठीचा कणा कुणाला आहे, कुणाला नाही? मुलांना हे वर्गीकरण शिकवण्याच्या पायऱ्या

तिसरी ते सहावीच्या मुलांना पृष्ठवंशीय आणि अपृष्ठवंशीय प्राणी शिकवताना बहुतेक घरांत आणि वर्गांत एकच चूक होते. आधी व्याख्या पाठ करून घेतली जाते, मग दोन रकाने आखून नावं लिहायला लावतात. मुलं यादी घडाघडा म्हणतात, पण यादीबाहेरचा प्राणी समोर आला की गडबडतात. एका मुलीने सापाला अपृष्ठवंशीयांत टाकलं होतं. मी कारण विचारलं तर म्हणाली, "तो दोरीसारखा वाकतो. कणा असता तर वाकला असता का?" तिचा विचार अगदी सरळ होता. चूक माझी होती, कारण कणा म्हणजे काय हे मी तिला दाखवलंच नव्हतं.

म्हणून क्रम उलटा करायचा: आधी हाताला कणा लागू द्या, मग त्याचं काम समजू द्या, मग शब्द द्या आणि याद्या सगळ्यात शेवटी. अर्ध्या-पाऊण तासाच्या चार-पाच बैठका लागतात. सगळे टप्पे एकाच दिवशी उरकायला जाऊ नका.

आधीची तयारी

हे जमवून ठेवा:

- शिवणाच्या दोऱ्याची रिकामी रिळं, दहा-बारा. शिंप्याकडे सहज मिळतात. नसतील तर पुठ्ठ्याच्या भोकं पाडलेल्या चकत्या आणि मॅक्रोनीचे तुकडे चालतील.
- भांडी घासायचा जुना स्पंज, रिळाच्या मापाच्या चकत्या कापून.
- लाल लोकरीचा धागा आणि एक लांब, पोकळ कागदी नळी.
- घरात कुणाचा मानेचा, छातीचा किंवा कमरेचा जुना एक्स-रे असेल तर तो. नाव-तारखेची पट्टी झाकून घ्या.
- मासे खाणारं घर असेल तर एक अख्खा बांगडा आणि चार-पाच मोठ्या, सोलं (वरचं कवच) न काढलेल्या कोळंब्या. मिळालंच तर एक माकुल (स्क्विड).
- पत्त्यांएवढे ३० कोरे कागद. प्रत्येकावर एका प्राण्याचं चित्र आणि नाव.

कागद करताना एक पथ्य पाळा. आपल्याला पटकन आठवतात ते गाय, कुत्रा, वाघ, मोर असे कणा असलेले प्राणीच. तेवढ्यावर थांबलात तर जगात बहुतेकांना कणा असतो असं मुलांच्या मनात बसेल. खरी गोष्ट उलट आहे. माहीत असलेल्या प्राण्यांच्या जातींपैकी ९५ टक्क्यांहून अधिक जातींना कणा नाही. तेव्हा निदान १८ कागद अपृष्ठवंशीयांचे ठेवा: मुंगी, माशी, डास, झुरळ, फुलपाखरू, सुरवंट, कोळी, विंचू, गोम, पैसा किडा, गांडूळ, जळू, गोगलगाय, खेकडा, कोळंबी, शिंपला, तारामासा, जेलीफिश.

सावधान: शिकवण्यासाठी जिवंत प्राणी पकडून आणू नका, मुलांनाही आणायला सांगू नका. साप, कासव, घोरपड यांना वन्यजीव (संरक्षण) अधिनियम १९७२ नुसार संरक्षण आहे. गोगलगायीवर किंवा जळूवर मीठ टाकून "गंमत" दाखवणं तर कधीच नको. बघायचं ते जिथे आहे तिथेच बघायचं.

टप्पा १: स्वतःची पाठ

मुलांना जोडीने उभं करा. एकाने पुढे वाकून हनुवटी छातीला टेकवायची. दुसऱ्याने त्याच्या मानेच्या मुळाशी बोट ठेवायचं. तिथे एक ठळक उंचवटा लागतो. तिथून बोट सावकाश खाली कमरेपर्यंत न्यायचं आणि किती उंचवटे लागले ते मोजायचं. मोजणी चुकेल, प्रत्येकाचा आकडा वेगळा येईल. येऊ द्या. इथे आकड्यापेक्षा महत्त्वाचं हे की बोटाखाली एकसंध काठी लागत नाही, लहान लहान गाठींची रांग लागते. बोट फिरताना घाई करू देऊ नका, दोन गाठींमधला खोलगटपणा जाणवायला हवा.

मग सांगा: प्रत्येक गाठ म्हणजे एका मणक्याचं टोक. बाळ जन्मतं तेव्हा ३३ मणके असतात. पुढे खालचे काही एकमेकांना जोडले जातात आणि मोठ्या माणसाच्या कण्यात २६ हाडं उरतात. एक्स-रे असेल तर खिडकीच्या काचेला लावून दाखवा. घरात मांजर असेल, गोठ्यात गाय किंवा बैल असेल तर त्याच्या पाठीवरूनही मुलांचा हात फिरवा. तीच रांग हाताला लागते.

पडताळा: "तुझा कणा एक हाड आहे की अनेक?" या प्रश्नाला मूल न अडखळता "अनेक" म्हणालं तरच पुढे जा.

टप्पा २: रिळांचा कणा

एक रीळ, एक स्पंजची चकती, पुन्हा रीळ अशी माळ लावा आणि सगळ्यांच्या भोकांतून लाल लोकर ओवा. दोन्ही टोकांना गाठ मारा, पण माळ जरा सैल ठेवा. आता ती वाकवून दाखवा. ती वाकते. शेजारी कागदी नळी धरा आणि तीही वाकवा. नळी मोडते, तिला घडी पडते.

सापाचं कोडं इथे सुटतं. साप कण्यामुळेच तसा वाकतो. त्याच्या कण्यात २०० ते ४०० मणके असू शकतात, म्हणजे आपल्यापेक्षा कितीतरी जास्त सांधे. दुसरीकडे जिराफाची मान बघा. इतकी लांब मान, पण मणके आपल्या मानेइतकेच, ७. फक्त एकेक मणका भलताच लांब. या दोन उदाहरणांवर मुलांना बोलू द्या. या टप्प्याला दिलेला वेळ पुढे दुप्पट वसूल होतो.

आता लाल लोकर. ती मेरुरज्जू. मेंदूकडून शरीराकडे आणि शरीराकडून मेंदूकडे निरोप नेणारी दोरी. रिळं तिला सांभाळतात. (खऱ्या मणक्यात ही दोरी अगदी मधोमध नसते, मणक्याच्या पाठीकडच्या कमानीतून जाते. मोठ्या मुलांना हे जरूर सांगा.)

या टप्प्यातून तीन खुणा पक्क्या व्हायला हव्यात. फळ्यावर लिहून ठेवल्या तर उत्तम:

१. कणा शरीराच्या आत असतो.
२. तो अनेक मणक्यांचा असतो.
३. त्याच्यातून मेरुरज्जू जातो.

टप्पा ३: शब्द आता द्या

"पृष्ठवंशीय" हा शब्द मुलांना दोन ठिकाणी चकवतो. पृष्ठ म्हटलं की त्यांना वहीचं पान किंवा भूगोलातला "पृष्ठभाग" आठवतो. मग पृष्ठवंशीय म्हणजे ज्याचा वरचा भाग टणक तो, असा अर्थ लावून मुलं खेकडा आणि गोगलगाय बिनदिक्कत त्या रकान्यात लिहितात. म्हणून स्पष्ट सांगा की इथे पृष्ठ म्हणजे पाठ.

आणि वंश म्हणजे इथे घराणं नव्हे. संस्कृतात वंश म्हणजे बांबूसुद्धा. बांबूला जशी पेरं असतात तसा पेरापेरांचा पाठीतला दांडा तो पृष्ठवंश. बांबूचा तुकडा मिळाला तर हातात द्या, शब्द जन्मभर लक्षात राहतो.

"अपृष्ठवंशीय" म्हणजे पाठ नसलेला असंही काही मुलांना वाटतं. झुरळाला पाठ आहेच की! नाही तो पाठीतला कणा. काही पुस्तकांत पृष्ठवंशी–अपृष्ठवंशी असं लिहिलेलं असतं, अर्थ तोच.

टप्पा ४: ताटातला बांगडा आणि कोळंबी

माझ्या मते हा सगळ्यात मोलाचा टप्पा आहे. त्याला पूर्ण बैठक द्या.

बांगडा वाफवून किंवा आमटीत शिजवून घ्या. तळलात तर बारीक काटे कुरकुरीत होऊन तुटतात. वरच्या बाजूचं मांस चमच्याने अलगद सरकवा. शेपटीजवळ मधला काटा चिमटीत धरून डोक्याकडे उचलत जा. पूर्ण कणा एका सलग ओळीत वर येतो. तो गरम पाण्यात धुऊन पांढऱ्या बशीत ठेवा आणि मुलांना मणके मोजू द्या. तीसच्या आसपास भरतात. मग एक मणका सुटा करा. डमरूसारखा दिसतो, मध्ये बारीक आणि दोन्ही तोंडांना वाटीसारखा खोलगट. लहान मुलाच्या नखाचं टोक त्या वाटीत बसतं. मणक्यांच्या वरच्या अंगाला बारीक कमानींची रांग दिसते, मेरुरज्जू त्या कमानींखालून जातो. तीनही खुणा एकाच बशीत!

आता कोळंबी. सोलं काढण्याआधी मुलांच्या हातात द्या. पाठीवरच्या कड्या बघून कुणीतरी हमखास म्हणतं, "हे बघा मणके!" लगेच चूक म्हणू नका. सोलायला सांगा. सोलं निघाल्यावर विचारा: "बांगड्याचं मांस हाडाच्या बाहेर होतं की आत? आणि कोळंबीचं मांस?"

बांगड्याचं मांस कण्याभोवती असतं. कोळंबीचं मांस कवचाच्या आत असतं आणि त्या मांसात कुठेही हाड नाही. हा फरक मुलाने स्वतःच्या तोंडाने सांगितला की अर्धं काम झालं. कड्या असणं आणि मणके असणं या वेगळ्या गोष्टी. पैसा किडा, गोम, विंचवाची नांगी सगळ्यांना कड्या आहेत, कणा कुणालाच नाही.

कोळंबीच्या पाठीतून आपण जो काळा दोरा काढतो त्याला मोठी माणसंही कधीकधी शीर म्हणतात आणि मुलं मेरुरज्जू समजतात. ते कोळंबीचं आतडं आहे. तिची चेतातंतूंची दोरी असते पोटाच्या बाजूला. झुरळ, मुंगी, खेकडा यांचीही तशीच. आपली पाठीकडे, त्यांची पोटाकडे.

माकुल मिळालं असेल तर त्यातून प्लॅस्टिकसारखी पारदर्शक पट्टी निघते. माकुलाच्या नात्यातल्या म्हाकळीसारख्या प्राण्याच्या आत पांढरा, हलका, भुसभुशीत तुकडा असतो. तोच किनाऱ्यावर वाहून येतो आणि समुद्रफेन म्हणून विकला जातो. दोन्ही गोष्टी शरीराच्या आत आहेत, पण फळ्यावरची दुसरी आणि तिसरी खूण लावून बघा: सुटे मणके नाहीत, मेरुरज्जूही नाही. म्हणून माकुल अपृष्ठवंशीय. "आत काहीतरी कडक आहे" एवढ्यावर निकाल द्यायचा नाही, हे शिकवायला याहून चांगलं उदाहरण मला सापडलेलं नाही.

सावधान: काहींना कोळंबी-खेकड्याची जोरदार ॲलर्जी असते, नुसत्या स्पर्शानेही त्रास होऊ शकतो. वर्गात करणार असाल तर पालकांना आधी विचारा. काटे मुलांच्या तोंडाजवळ जाणार नाहीत हे बघा आणि शेवटी साबणाने हात धुवायला लावा.

शाकाहारी घरात हा टप्पा गाळू नका, बदला. रात्री खिडकीच्या काचेवर बाहेरून चिकटलेली पाल आणि तिच्या पुढ्यातला किडा आतून न्याहाळा. पावसाळ्यात कुंडीजवळ गोगलगाय बघा, झाडाच्या खोडावर किंवा मोरीच्या कोपऱ्यात पडलेली किड्याची रिकामी खोळ शोधा. पालीचं शरीर आतल्या सांगाड्यावर उभं आहे, किडा बाहेरच्या कवचात राहतो, एवढं दिसलं तरी पुरे.

टप्पा ५: सोपे कागद आधी

पहिल्या फेरीत फक्त सोपे १२ कागद द्या: गाय, चिमणी, बेडूक, पाल, पापलेट, मांजर एकीकडे, मुंगी, डास, फुलपाखरू, कोळी, गांडूळ, गोगलगाय दुसरीकडे. कागद ठेवताना प्रत्येक वेळी कारण म्हणवून घ्या आणि कारण कण्याबद्दलच हवं. "छोटा आहे म्हणून", "किडा आहे म्हणून", "मऊ आहे म्हणून" ही कारणं बरोबर उत्तरासोबत आली तरी स्वीकारू नका. बरोबर उत्तर चुकीच्या कारणाने आलं की पुढची तीन उत्तरं चुकतात.

आकारावर तर मुळीच जायचं नाही. पापुआ न्यू गिनीतला एक बेडूक जेमतेम ८ मिलिमीटरचा, मुंगळ्यापेक्षाही लहान, आणि त्याला कणा आहे. समुद्रातलं महाकाय माकुल बारा मीटरच्या आसपास जातं, त्याला नाही.

पडताळा: १२ पैकी १२ बरोबर आणि निदान १० कारणं कण्याबद्दलची. नाही जमलं तर टप्पा ४ पुन्हा, यादी पुन्हा नाही.

टप्पा ६: चकवणारे प्राणी

आता अवघड कागद काढा. एका बैठकीत पाच-सहापेक्षा जास्त नकोत.

*नावाने चकवणारे.* तारामासा आणि जेलीफिश हे मासे नाहीत, दोघांनाही कणा नाही. गोगलगायीचा गायीशी संबंध नाही. उलट समुद्रघोडा हा मासाच आहे, अंगावर चिलखतासारख्या पट्ट्या असल्या तरी आत कणा आहे.

*कवचाने चकवणारे.* कासव, खेकडा, गोगलगाय शेजारी शेजारी ठेवा. कासवाचं वरचं कवच त्याच्या कण्याला आणि बरगड्यांना जोडलेलं असतं, ते त्याच्या सांगाड्याचाच भाग आहे. त्यामुळे कासव कवचातून बाहेर येऊच शकत नाही, चित्रकथांत काहीही दाखवू देत. खेकडा वाढताना जुनं कवच सोडून बाहेर येतो आणि नवं कवच कडक होईपर्यंत मऊ असतो. गोगलगायीचा शंख पाठीवर असतो म्हणून मुलं त्यालाच कणा म्हणतात. पहिली खूण आठवून द्या: कणा आत असतो.

*कात टाकणारे.* सापही कात टाकतो, झुरळही. सापाची कात म्हणजे त्वचेचा वरचा पातळ थर, सांगाडा आत शाबूत. झुरळ टाकतं ते त्याचं पूर्ण कवच, पायांच्या खोळींसकट. कधीकधी घरात दिसणारं पांढरं झुरळ म्हणजे नुकतंच कात टाकलेलं झुरळ.

*लांबट, बिनपायांचे.* इथे मोठी माणसंही चुकतात. गांडूळ अपृष्ठवंशीय. मांडूळ हा साप, म्हणून पृष्ठवंशीय. पावसाळ्यात न्हाणीघरात निघणारा काळपट, बोटाएवढा वाळा बघून लोक गांडूळ समजतात, पण तोही सापच. आणि कोकणात, सह्याद्रीत ओल्या मातीत सापडणारं देवगांडूळ तर बेडकाच्या गोतावळ्यातलं, म्हणजे उभयचर. नावात गांडूळ आहे, पण कणा आहे! गांडूळ आणि वाळा लांबूनही ओळखता येतात. गांडूळ चालताना ताणून लांब होतं, मग आखडून आखूड होतं. वाळा नागमोडी वळतो, पण त्याची लांबी बदलत नाही, कारण मणके ताणले जात नाहीत.

*मऊ हाडांचे.* "बोंबलाला काटा नसतो" असं घराघरात म्हणतात. असतो. इतका मऊ की खाताना कळत नाही. मोरी, मुशी या शार्कच्या जातींचा सांगाडा हाडाचा नसून कूर्चेचा असतो, आपल्या कानाच्या पाळीच्या वर जी लवचीक कड लागते तशा पदार्थाचा. तरी मणके आहेत, म्हणून पृष्ठवंशीय.

सावधान: रक्तावरून ओळखायला शिकवू नका. गांडुळाचं रक्त लाल असतं. आणि "थंड रक्ताचे ते अपृष्ठवंशीय" हे तर साफ चूक, मासे, बेडूक, साप यांच्या शरीराचं तापमानही भोवतालाप्रमाणे बदलतं.

टप्पा ७: कापून न बघता ओळखायचं कसं?

मूल आता विचारणारच की रस्त्यात दिसलेल्या प्राण्याच्या आत काय आहे ते कसं कळणार? त्याला दोन खात्रीच्या खुणा द्या.

पाय मोजा. चारपेक्षा जास्त पाय असलेला एकही पृष्ठवंशीय प्राणी नाही. कीटकाला ६, कोळ्याला ८, खेकड्याला नांग्या धरून १०.

पिसं बघा. पिसं असली की पक्षी आणि पक्षी म्हणजे कणा. केसांवर मात्र विसंबू नका, सुरवंटही केसाळ असतो.

या दोन्ही खुणा एकाच दिशेने चालतात. सहा पाय दिसले तर कणा नाही हे पक्कं, पण पाय कमी आहेत किंवा नाहीतच, यावरून काहीच ठरत नाही. साप आणि गांडूळ दोघेही बिनपायांचे. मुलं ही खूण हटकून उलटी वापरतात, म्हणून दोन्ही बाजूंनी प्रश्न विचारून घ्या.

टप्पा ८: पाच गट

मासे, उभयचर, सरपटणारे प्राणी, पक्षी, सस्तन प्राणी हे पृष्ठवंशीयांचे पाच गट आत्ता द्या. फार वेळ लागत नाही, कारण कागद आधीच वेगळे झालेले असतात. फक्त वटवाघूळ पक्ष्यांत आणि देवमासा माशांत जाणार नाही एवढं बघा, दोघंही सस्तन. बेडूकमासा म्हणजे बेडकाचं पिल्लू, तो बेडकाजवळ ठेवा. अपृष्ठवंशीयांचे उपगट या वयात पाठ करून घेऊ नका. कीटक, कोळी, कवचधारी, मऊ शरीराचे एवढी बोलीतली विभागणी पुरते.

शेवटची परीक्षा

आठवडा जाऊ द्या. मग आधी कधीच न दाखवलेले तीन प्राणी समोर ठेवा: खवले मांजर, समुद्री काकडी, अहिर नावाचा सापासारखा लांबट मासा. नावं वाचून दाखवा, चित्र दाखवा आणि गप्प बसा. मुलाने आधी उत्तर न देता "याच्या आत मणके आहेत का?" असा प्रश्न तुम्हालाच विचारला, तर त्याला खवले मांजर आणि अहिर यांच्याबद्दल "आहेत" आणि समुद्री काकडीबद्दल "नाहीत" एवढं सांगा आणि पेन्सिल त्याच्या हातात द्या. रकाने त्याचे तोच आखेल.